फरची कॉलर आणि एकशे चारावं मूलद्रव्य

साल एकोणीसशे पंच्याहत्तर. डिसेंबर असला तरी परभणीकडे दुपारी घाम फुटतोच. तरीही रुख्मिणी फरच्या कॉलरचा लांब कोट घालून बोरीला एसटीत चढली. मासिकातल्या परदेशी नटीसारखं दिसायचं म्हटल्यावर एवढा जाच सोसायलाच हवा ना!

"पोरी, गळ्यात मांजर घेऊन बसलीस का?" शेजारच्या धुरपताबाईंनी विचारलं, आणि पुढच्या बाकावरचा तरुण वळून हसला. तो नागनाथ. तिच्याच कॉलेजात रसायनशास्त्र शिकवायचा.

"खरी फर हाय?" त्यानं विचारलं.

"मग काय! भाऊ मॉस्कोला शिकायलाय. त्यानंच धाडला."

रुख्मिणीला भाऊच नव्हता. कोट आठवडी बाजारातल्या जुन्या परदेशी कपड्यांच्या ढिगातला. पण त्याचे डोळे असे काही चमकले... की शब्द मागे घ्यावेसे वाटेनात.

"मॉस्को? अहो, रशियावाल्यांनी एकशे चारावं मूलद्रव्य बनवलं, नाव ठेवलं कुर्चाटोव्हियम. अमेरिकावाले म्हणतात, खरा शोध आमचा, नाव रदरफोर्डियम!"

"म्हंजे बाळ एक अन् आत्या दोन!"

तो इतका खळखळून हसला, की कंडक्टरही वळून बघू लागला.

मग रोज तो तिच्यासाठी खिडकीची जागा धरून ठेवू लागला. "तुमच्या कोटाचे केस माझ्यासंगं घरापर्यंत येतात," तो शर्ट झटकत म्हणायचा, आणि तिचा चेहरा तापायचा... थोडा लाजेनं, जास्त भीतीनं. कारण त्यानं तिच्या भावाकडून रशियन शास्त्रज्ञांचे लेख मागवले होते. "धाडलेत, येतील," असं ती सांगत राहिली.

कॉलेजच्या विज्ञान मंडळात त्याच मूलद्रव्यावर त्याचं भाषण ठरलं. मॉस्कोहून लेख येणार, हे त्यानं भाबडेपणानं सगळ्यांना सांगून टाकलं होतं.

"सर, कुठं हायत मॉस्कोचे लेख?" भाषण सुरू होताच मागून कुणीतरी ओरडलं. हशा पिकला.

"येतील. मला शब्द दिलाय," नागनाथ म्हणाला. त्यानं तिच्याकडे पाहिलंसुद्धा नाही. तिचं नाव निघू नये म्हणून! रुख्मिणीला मेल्याहून मेल्यासारखं झालं. ती उठली.

"सरांची चूक न्हाई. मला भाऊच न्हाई. कोट बाजारातला हाय... मी खोटं बोलले."

सगळ्या माना वळल्या. कान जळत असतानाच ती बाहेर पडली, ती थेट एसटी स्टँडवर. पाठोपाठ तो आला.

"मला एकट्याला सांगता आलं न्हाई?"

"लाज वाटली."

"अन् आज, सगळ्यांपुढं?"

"आज तुमी खोटे ठरत होता. ते... न्हाई बघवलं."

"मला राग आलाय. लय आलाय."

"येऊ द्या," ती पुटपुटली.

"तरीबी रविवारी बोरीला येतो. तुमच्या वडिलांना भेटायला. ते विचारतील, तू कोण. काय सांगू?"

रुख्मिणीनं मान वर केली. डोळ्यांत पाणी होतं, तरी नजर त्याच्यावरच होती.

"खरं सांगा. म्हणावं, तुमची पोरगी मला आवडती... अन् तिलाबी मी."