माळेतली शेवटची कडी

आमच्या केंद्रात पिशव्यांचा एक नियम होता. जाळ्यातून काढलेला पक्षी कापडी पिशवीत ठेवायचा, नाडी ओढायची आणि पिशवी टेबलामागच्या खुंटीला टांगायची. पक्षी मोजून झाला, पायात नंबराची कडी घालून सोडला, की रिकामी पिशवी उलटी करून टांगायची. शिवण बाहेर दिसली तर पिशवी रिकामी. सुलटी दिसली तर आत कोणीतरी ताटकळतंय. मी नऊ वर्षांची असताना एक खंड्या तासभर पिशवीत विसरला गेला होता. तो वाचला, पण बाबा दोन दिवस धड जेवले नाहीत. तेव्हापासून त्यांनी हा नियम घातला.

केंद्र म्हणजे दोन खोल्या आणि एक पडवी. समोर तळं आणि पाणगवताचं बेट, मागे थेट डोंगरापर्यंत चढत गेलेलं जंगल. एवढ्याशा टापूत बाबांनी चारशे बारा जातींचे पक्षी नोंदवले होते. आई होती तेव्हा म्हणायची, "या घरात चिमणीचंसुद्धा वजन होतं. माझं कोणी विचारत नाही." बाबा लगेच काटा घेऊन उभे राहायचे आणि मार खायचे.

कडी बाबा घालणार आणि पक्षी मी सोडणार, ही वाटणी माझ्या लहानपणापासूनची. सोडायचं म्हणजे उडवायचं नाही. तळहात सपाट करून पक्षी त्यावर ठेवायचा. आपण सुटलोय हे त्याला क्षणभर कळतच नाही, मग एकदम कळतं. नोंदवहीत "सोडणारी व्यक्ती" असा रकाना होता. तिथे बाबा "टकळी" लिहायचे, कारण माझं तोंड कधी बंद नसे. पुढे मी डॉक्टरेट मिळवली, केंद्राची प्रमुख झाले, पण त्या रकान्यात टकळीची बढती काही झाली नाही.

कड्या दोऱ्यात ओवून यायच्या, शंभरांची एक माळ. प्रत्येक कडीवर नंबर. कडी दाबून बसवायच्या बाबांच्या पकडीच्या जबड्याला एक बारीक खाच होती, त्यामुळे त्यांनी घातलेल्या प्रत्येक कडीवर एक तिरका ओरखडा उमटायचा. मी दहादा नवी पक्कड मागवू म्हटलं. "माझी सही आहे ती," ते म्हणायचे.

चार वर्षांपूर्वी डॉक्टरांनी मला बाहेर बोलावून सांगितलं, की बाबांचं हृदय थकलंय, वर्ष-दीड वर्ष धरून चाला. बाबांना ते न सांगताच कळलं होतं. त्या आठवड्यात पेटीतल्या माळेत मोजक्या कड्या उरल्या होत्या. "ही माळ संपली की मी मोकळा," ते सहज बोलून गेले.

मी आकड्यांवर जगणारी बाई. तरीही माळेत शेवटची कडी उरली त्या दिवशी मी ती दोऱ्यासकट काढली, माझ्या कपाटाच्या खणात ठेवली आणि किल्ली गळ्यात घातली. पेटीत नवी माळ ठेवून दिली. का केलं, असं कोणी विचारलं असतं तर मला तोंड लपवावं लागलं असतं.

नंतर दहा-बारा दिवसांनी, एकोणीस ऑक्टोबरला, जाळ्यात एक बोरू वटवट्या सापडला. तपकिरी, चिडका, अकरा ग्रॅमचा. या वटवट्यांच्या पाच-सहा जाती एकमेकींसारख्या दिसतात आणि त्या ओळखण्यात बाबांचा हात कोणी धरू शकत नसे. त्याच्या पायात आधीच कडी होती, झिजून गुळगुळीत झालेली.

"वाच," बाबा म्हणाले.

"चार, चार, शून्य, शून्य."

"पहिला एक असेल."

"एक असेल तर हा तीस वर्षांचा झाला, बाबा."

त्यांनी भिंग लावलं आणि बराच वेळ पाहिलं. "चार, चार, शून्य, शून्य. ही तर आपल्या माळेतली शेवटची. अजून घातलेली नाही." त्यांनी पेटी उघडली. आत नवी माळ. मग माझ्याकडे पाहिलं.

"कपाटात आहे," मी म्हणाले.

"कपाटात कशाला?"

मी गळ्यातली किल्ली मुठीत धरली. त्यांच्या ध्यानात आलं. "वा, शास्त्रज्ञ बाई," एवढंच म्हणाले.

मी कडी आणली. कोरी, चकचकीत, दोऱ्यातच, गाठीसकट. तिच्यावर चार, चार, शून्य, शून्य. पक्ष्याच्या पायातल्या कडीवरही तेच. आणि त्या झिजलेल्या कडीवर, जोडाशेजारी, तिरका ओरखडा.

"ही मी घातलीय," बाबा म्हणाले.

"तुम्ही अजून घातली नाहीये."

"तेच म्हणतोय मी."

मी पक्षी तळहातावर ठेवला. तो उडाला. बाबांनी पिशवी उलटी करून टांगली आणि आम्ही दोघं चहा न घेता तसेच बसून राहिलो.

मुख्य कार्यालयाला पत्र टाकलं. उत्तर आलं, की या नंबराची कडी एकच घडवली गेली असून ती आपल्याकडेच पाठवली आहे, आकडा वाचण्यात चूक झाली असावी. आमच्या धंद्यात हे उत्तर कायम तयार असतं. मीही तेच मानायचं ठरवलं.

पुढच्या वर्षी, एकोणीस ऑक्टोबरला, तो पुन्हा आला.

"कडी कमी झिजलीय," बाबा म्हणाले.

कडी झिजते. पाण्याने, वाळूने झिजते. परत भरून येत नाही. पण आकड्यांच्या कडा गेल्या वर्षीपेक्षा स्पष्ट होत्या. पक्ष्याच्या डोळ्यांतला तपकिरी रंगही थोडा फिका होता, वय कमी असलं की असतो तसा. बाबांनी कडीवरून नख फिरवलं. "गेल्या वर्षी मी हिला चार वर्षांची म्हटलं असतं. आज तीन." त्यांनी बोटं मोजली आणि हसले. "म्हणजे मी ही कडी अजून तीन वर्षांनी घालणार. तुझ्या डॉक्टरला कळव."

त्या दिवसापासून त्यांनी तब्येत मनावर घेतली. गोळ्या वेळेवर, फिरणं वेळेवर. हात कापायला लागले तेव्हा जुन्या, वाकलेल्या कड्या काड्यापेटीतल्या काडीवर घालून सराव करायचे. "त्या दिवशी हात थरथरला तर पाय मोडेल बिचाऱ्याचा." डॉक्टरांचं दीड वर्ष उलटलं, दोन झाली, तीन झाली. तिसऱ्या खेपेला कडी दोन वर्षांची दिसली, चौथ्या खेपेला एका वर्षाची. दर वेळी तो उडून गेला की बाबा कपाटाकडे पाहून विचारायचे, "आहे ना जागेवर?"

"आहे."

मला त्या पक्ष्याची भीती वाटायला हवी होती. खरं सांगते, मला तो घरचा वाटायला लागला होता. माझ्या वडिलांच्या आयुष्याची हमी घेऊन येणाऱ्याला कोण घाबरेल?

या वर्षी उन्हाळ्यात बाबा गेले. ऑक्टोबरला पाच महिने बाकी होते. दवाखान्यात, शेवटच्या दुपारी, त्यांनी डोळे न उघडता विचारलं, "आहे ना जागेवर?"

"आहे, बाबा."

"बरं," ते म्हणाले.

मला रडू नंतर आलं. आधी राग आला. इतकी वर्षं मी त्या एवढ्याशा जिवाच्या भरवशावर काढली होती, आणि त्याने मला फसवलं होतं.

अठरा ऑक्टोबरला मी ठरवलं, उद्या जाळी लावायचीच नाहीत. न लावलेल्या जाळ्यात पक्षी सापडत नाही, एवढं शास्त्र मला येतं. जाळी गुंडाळून बांधली, बाबांची पक्कड पुसून पेटीत ठेवली, सगळ्या पिशव्या उलट्या करून टांगल्या. दाराला आतून कडी घातली. किल्ली गळ्यात होतीच.

जाग आली तेव्हा भिंतीवर उजेड आला होता. सहा पंचवीस. इतक्या वर्षांत मी त्या घरात उजाडेपर्यंत कधी झोपले नव्हते.

बाहेरच्या खोलीत आले. दाराची कडी जशीच्या तशी. खिडकीतून जाळी दिसत होती, बांधलेली, त्यांच्यावरचं दव न मोडलेलं.

टेबलावर नोंदवही उघडी होती.

एकोणीस ऑक्टोबर. वेळ सहा दहा. बोरू वटवट्या, या वर्षीचं पिल्लू. पंख बासष्ट. वजन अकरा. नवी कडी, चार, चार, शून्य, शून्य.

अक्षर थरथरलेलं नव्हतं. आजारपणाच्या आधीचं होतं.

शेऱ्यात लिहिलं होतं, "कडी कपाटातून घेतली. टकळी गाढ झोपली होती, उठवलं नाही."

मी खण उघडला. दोरा होता. त्याची गाठ तशीच होती. कडी नव्हती.

वहीकडे परत आले. "सोडणारी व्यक्ती" या रकान्यात "टकळी" लिहिलं होतं. म्हणजे सोडणं अजून व्हायचं होतं.

मी खुंट्यांकडे पाहिलं.

एक पिशवी सुलटी होती.

ती हलत होती.

मी नाडी सैल केली. आत तो होता. कोवळी पिसं, राखाडी डोळे, पायात चकचकीत कडी आणि तिच्यावर ताजा तिरका ओरखडा. पडवीत जाऊन मी तळहात सपाट केला. क्षणभर तो तसाच पडून राहिला. "जा रे," मी म्हणाले. तो पाणगवताकडे गेला. भीती अजून आली नव्हती. आत फक्त माया दाटून आली होती, लहानपणी बाबा पक्षी माझ्या हातात द्यायचे तेव्हासारखी.

मग नियमाप्रमाणे पिशवी उलटी करायला घेतली. आतून ती उबदार होती. ते साहजिकच आहे, जिवंत पक्षी होता आत.

पण नाडीही उबदार होती, मी हात न लावलेल्या टोकाला, जिथे पिशवी हातात धरतात तिथे.