पश्चात पत्नी, एक मुलगी

अग्रलेख हा वृत्तपत्राचा आत्मा असतो. आमच्या लातूरच्या 'तेरणाकाठ' दैनिकाचा आत्मा मी दर सोमवारी दुपारी एका हॉटेलात बसून, दुसरा चहा येईपर्यंत लिहून संपवत असे. मंगळवारी तो छापून येई. खाली नाव पंढरी गुरुजींचं.

गुरुजी म्हणजे निवृत्त प्राथमिक शिक्षक, गाव बिलोली तालुक्यात. असा माणूस अर्थातच नव्हता. संपादक बसलिंगप्पा आणि मी, आम्ही दोघांनी अकरा वर्षांपूर्वी तो तयार केला. लातूरच्या पुढाऱ्यांवर लातूरच्या माणसानं लिहिलं, तर तो दुसऱ्या दिवशी लातुरातच सापडतो. बिलोलीपर्यंत कोण जातो? गाव मी नकाशावर बोट ठेवून निवडलं. नाव इथे देत नाही. तिथली माणसं चांगली आहेत. गुरुजींना मी एक बायकोही दिली, केवळाबाई. अग्रलेखात मधूनमधून बायकोनं टोमणा मारला की वाचकांना बरं वाटतं.

यंदा नांदेडचा एक प्रकाशक निवडक अग्रलेखांचं पुस्तक काढायला तयार झाला. मी पन्नाशी ओलांडलेली, आणि माझं नाव आजवर लग्नपत्रिका सोडल्यास कुठं छापलेलं नाही. या पुस्तकावर ते हवं होतं. बसलिंगप्पा म्हणाला, गुरुजी नव्हतेच असं सांगितलं तर वाचक आपल्याला जोड्यानं हाणतील. आधी त्यांना रीतसर जाऊ द्या, मग तुम्ही या.

म्हणून एका मंगळवारी मी गुरुजींना मारलं. चार ओळींची बातमी, बुधवारच्या अंकात. अल्पशा आजाराने मंगळवारी निधन. हात सवयीनं पुढं चालत राहिला: 'त्यांच्या पश्चात पत्नी, एक मुलगी असा परिवार आहे. तेरवी रविवारी मूळ गावी होईल.' निधनाची बातमी एवढ्याशिवाय पुरी वाटत नाही. तेरवीचा वार तर मी बोटांवर मोजून लिहिला.

आठ दिवसांनी कार्यालयात फोन आला. मीच उचलला. बाईचा आवाज, तरुण, दमलेला. म्हणाली, मी आरती, पंढरी गुरुजींची मुलगी.

"तेरावा दिवस सोमवारी येतो, सर. पेपरात रविवार छापलाय. पावणे रविवारचं धरून बसलेत. काय करावं?"

मी म्हणालो, मंगळवारपासून तेरावा दिवस रविवारच येतो.

"बरं," ती म्हणाली. "मग आम्ही रविवारीच करतो."

मी थेट बसलिंगप्पाच्या केबिनमध्ये गेलो. गुरुजींचं गुपित दोघांनाच ठाऊक, त्यातला एक मी. पुस्तकावर डोळा असणारा दुसरा कोण असणार? त्यानं चष्मा काढून टेबलावर ठेवला. "सर, गुरुजीच मी कधी पाहिले नाहीत. त्यांची पोरगी कुठून आणू?"

माझा विश्वास बसला नाही. रविवारी पहाटेची बस धरून नांदेड गाठलं, तिथून बिलोली, पुढं जीप. सोंग उघडं पाडायचं, एवढाच बेत होता.

गुरुजींचं घर जीपवाल्याला ठाऊक होतं. दारापुढं मांडव होता. पंगत बसली होती, वरण-भात, वांग्याची भाजी, बुंदी. दीड-दोनशे माणूस असेल. माझ्याविरुद्ध कट करायला एवढ्या बुंदीचा खर्च कुणी करणार नाही, हे मला तिथंच कळायला हवं होतं.

ओसरीवर हार घातलेला फोटो होता. मी आधी चेहऱ्यात स्वतःला शोधलं. साम्य काही नव्हतं. मग चष्मा दिसला. डावी काडी काळ्या दोऱ्यानं बांधलेली.

हे मी कधीच लिहिलं नव्हतं. बसलिंगप्पालाही बोललो नव्हतो. लिहिताना डोळ्यांपुढे मात्र गुरुजी असेच यायचे.

आत केवळाबाई भिंतीला टेकून बसल्या होत्या. कपाळ मोकळं. त्यांनी मला वरपासून खालपर्यंत न्याहाळलं.

"तुमीच का ते लातूरचे? लिव्हून घेणारे?"

मी म्हणालो, लिहिणारा.

"ते म्हणायचे, मी हितं बसून सांगतो, तिकडं एक माणूस उतरून घेतो. अक्षर बरं हाय त्याचं. पण अधनंमधनं पदरचं घुसडतो."

शेजारच्या दोन बायका पदराआड हसल्या. केवळाबाई हसल्या नाहीत.

मी विचारलं, काय झालं होतं त्यांना?

"काय बी न्हाई. मंगळवारी शेतात जाऊन आले. बुधवारी सकाळी आरतीनं मोबाईलवर पेपर वाचून दाखवला. सगळा ऐकला. म्हणाले, छापलंय तर आता निजतो."

मी बोटांवर वार मोजले.

"बुधवारी गेले ते," त्या म्हणाल्या. "तुमी मंगळवार लिव्हला."

मांडवात वाढत असलेल्या ग्रामसेवकाला मी बाजूला घेतलं. मृत्यूची नोंद बघायची म्हणालो. कागद खोटा निघेल, अशी अजून आशा होती. त्यानं हात पुसले, कार्यालय उघडलं, नोंदवही काढली.

नाव बरोबर होतं. तारीख मंगळवारची.

"बुधवारी गेले ना?" मी विचारलं.

"माहिती देणाऱ्यानं सांगितली ती तारीख लिहावी लागते, सर."

माहिती कुणी दिली?

त्यानं माझ्याकडं पाहिलं. मग वही माझ्याकडं वळवली.

त्या रकान्यात माझं पूर्ण नाव होतं, वडिलांच्या नावासकट. लातूरचा पत्ता.

खाली सही.

सही माझीच होती.

पुस्तक गेल्या महिन्यात निघालं. मुखपृष्ठावर 'कै. पंढरी गुरुजी' असं आहे. प्रकाशकाला वारसाची संमती लागत होती, ती केवळाबाईंनी दिली. मला त्यानंतर सोमवारी काही सुचत नाही. अग्रलेख आता बसलिंगप्पा लिहितो.

खप तेवढाच आहे.