ताईचे केस

कट्ट!

ताईचे केस विंचरताना कंगव्याचा दात मोडला. धाकटीने दचकून हात मागे घेतला.

आरशासमोर ताई बसली होती. आजारपणात औषधांनी तिचे केस जाणार होते, म्हणून आईने आधीच वेणी कापून टोप करायला दिली होती. तो टोप आज आला होता. सुट्टी संपायला पंधरा दिवस उरले होते आणि ताईने बजावलं होतं, "माझे केस मिळाले, तरच शाळेत जाईन!"

"हे माझे नाहीत," ताई हळूच म्हणाली. "माझ्या केसांवर रिबीनसुद्धा टिकायची नाही. हे किती राठ आहेत!"

"कापले की होतात तसे," म्हणत आई घाईने स्वयंपाकघरात गेली.

ताईने टोप काढला आणि भिंतीकडे तोंड करून पडून राहिली.

"चल!" मावसभाऊ टोप उचलून धाकटीला म्हणाला. ताईला सोबत म्हणून त्याने चकोट केला होता. तेव्हापासून तो गोट्या. "टोपवाल्या बाईंनी केसाने गळा कापलाय आपला!"

"केसांबद्दल तू बोलतोयस?"

दुकानात लाकडी डोक्यांची रांग होती. बाई जाळीत एकेक केस ओवत होत्या.

"माझ्याकडे केसभरही चूक होत नाही!" त्या फणकारल्या. "पाकिटावर स्वच्छ लिहिलं होतं, 'ताईचे केस'."

धाकटीने कपाळावर हात मारला. आईने घरच्या सवयीने तेवढंच लिहिलं होतं!

"अहो काकू, ताई काय एकाच घरात असते?"

बाईंची सुई थांबली. तोवर गोट्या स्टुलावर चढून फळीवरची पाकिटं उलटीपालटी करत होता.

"सापडलं! हेही 'ताईचे केस'!"

धाकटीने आतल्या वेणीला आपली रिबीन बांधली. ती सर्रकन घसरून खाली पडली!

"आमच्याच ताईची!" ती ओरडली, आणि तिला रडूच फुटलं.

"मोठ्यांना जमलं नाही ते तुम्ही शोधलंत रे," बाई ओशाळून म्हणाल्या. "बाकीची कामं बाजूला ठेवते. शाळेआधी टोप तयार!"

"आणि हा त्या दुसऱ्या ताईला द्या," गोट्याने टोप पुढे केला.

बाईंनी तो हातात घेतला. "दोन वर्षं झाली. डोक्याचं माप घेऊन येते म्हणाली होती तिची आई. आलीच नाही."

धाकटीने डोळे पुसले.

"मग काकू, ती ताई शाळेत गेली कशी?"