आठ-दहाची गाडी

तो मोबाईल खाली ठेव आधी. मी एकदाच सांगणार. मध्ये "आजोबा, मग?" केलंत तर उठून आत जाईन.

आमच्या स्टेशनमास्तरांची गोष्ट आहे. त्या स्टेशनच्या फाटकावर मी एकवीस वर्षं काढली, त्यामुळे मला शिकवायचं नाही. स्टेशन म्हणजे काय, एक फलाट, एक खोली, एक बाकडं. पुढचं स्टेशन नदीपलीकडे, दुसऱ्या देशात. मधे पूल, आणि रूळ एकच. म्हणून तिकडची गाडी सोडायच्या आधी तिथला मास्तर घंटी वाजवून विचारायचा, सोडू का? आपण उलट घंटी दिली की लाइन मिळाली. नाही दिली तर गाडी जागची हलायची नाही.

सीमा बंद झाली त्या दिवशी संध्याकाळी आठपर्यंतच गाड्या घ्यायचा हुकूम होता. शेवटची गाडी आठ-दहाची. तिच्यात मास्तरांची थोरली बहीण होती, पोराबाळांसकट, घरदार तिकडे टाकून निघालेली. आठ वाजून दहा मिनिटांनी घंटी वाजली. मास्तर बसून राहिले. पुन्हा वाजली. मी दारात होतो. म्हटलं, "मास्तर, द्या की."

"हुकूम आहे रे," म्हणाले.

दहा मिनिटांसाठी. ती घंटी पहाटेपर्यंत वाजत होती. ताईंचं पुढे पत्र नाही, फोन नाही, काही नाही.

मग स्टेशन बंदच पडलं. रूळ उचलून नेले. पुलाचे गर्डरही नेले, नुसते खांब उरले. अशी तेवीस वर्षं गेली.

आता ती रात्र. तीन वर्षांपूर्वी, अठ्ठावीस फेब्रुवारी, मंगळवार. तारीख जुळते का म्हणून अकला लढवू नका, सीमा पावसाळ्यात बंद झाली होती. दुसऱ्या दिवशी सकाळी भंगारवाला खोली रिकामी करणार होता. मास्तरांची बायको म्हणाली, "ती खुर्ची आपल्या पैशाची आहे, त्याच्या बापाची नाही. घेऊन या, मग वाढते." म्हणून हे निघाले. खुर्ची उचलली, दिवा मालवल्यासारखी बॅटरी विझवली, दाराकडे वळले.

घंटी वाजली.

तारा कधीच कापलेल्या. यंत्रावर बोटभर धूळ. मास्तर तसेच उभे. पुन्हा वाजली. घड्याळ बघायची गरज नव्हती, तरी बघितलं. आठ-दहा.

तुम्ही असता तर पळाला असता. मीही पळालो असतो. मास्तरांनी खुर्ची खाली ठेवली, बसले, आणि घंटी दिली. नंतर मला म्हणाले, "एकदा नाही म्हटलं होतं. दुसऱ्यांदा जमेना."

पलीकडून दोन ठोके आले. म्हणजे गाडी सुटली.

तेव्हा त्यांच्या डोक्यात उजेड पडला. पूल नाही.

सुटलेली गाडी परत बोलावता येत नाही. मास्तर धावले. सत्तरीचा माणूस. वाटेत एक चप्पल गेली. पुलाच्या पन्नास पावलं अलीकडे, जिथे रूळ असायचे तिथे, मधोमध उभे राहिले. लाल कंदील आणायचा कुठून? मोबाईलची बॅटरी लावली, तिच्यावर तळहात दाबला. हात लाल दिसायला लागला. तो वर धरला.

नदीपलीकडून आवाज आला.

जवळ आला.

दिसत काही नव्हतं. मास्तर हात हलवत राहिले. 

शिट्टी.

मग ब्रेक. लोखंड किंचाळलं. अगदी कानाशी…

मग काहीच नाही. पडल्याचा आवाज नाही. पाण्याचा नाही. काहीच…

पाऊण तासानं माझं दार वाजलं. "गाडी नदीत घातली रे मी," एवढंच म्हणाले. चहा दिला, तो तसाच निवला. म्हटलं, "मास्तर, गाडी यायला रूळ तरी आहेत का?" 

उजाडल्यावर मी त्यांना दंडाला धरून तिकडे नेलं. म्हटलं, रिकामी नदी बघतील, जीव थाऱ्यावर येईल. नदीत काही नव्हतं. "बघा," म्हटलं, आणि मागे वळलो.

जोरात ब्रेक लावला की इंजिनवाला चाकांखाली वाळू सोडतो, चाक घसरू नये म्हणून. बारीक, भाजून कोरडी केलेली वाळू. नदीची नव्हे. मी ती आयुष्यभर बघितलीय. गवतावर तिच्या दोन सरळ रेघा होत्या. मधे रुळांइतकंच अंतर. पुलाच्या आमच्या काठापासून निघालेल्या.

म्हणजे गाडी नदी ओलांडून आली होती.

मास्तर त्या रेघांच्या कडेकडेनं चालत गेले. पन्नास पावलं. रात्री ते उभे होते तिथलं गवत दबलेलं होतं. तिथे खाली बसले.

"मीच थांबवली का रे पुन्हा?"

रेघा कुठवर आल्यात ते बघायला मी वाकलो.

रेघा त्या दबलेल्या गवताच्या वीतभर अलीकडे येऊन संपल्या होत्या.