पटलेलं कारण

हेमलता दोरलेकर कारणकक्षातून बाहेर आली, तेव्हा तिला सगळं पटलेलं होतं. सातवीण खाडीत नवऱ्यामागे बारा वर्षं ती प्रवासी होडी चालवत होती. सरकारने तिचा परवाना रद्द केला होता आणि ते बरोबरच होतं. खाडीच्या मुखाशी वाळू सरकत होती. एखाद्या दिवशी होडी उलटली असती.

"वाळू?" होडीचं इंजिन सांभाळणारा तिचा धाकटा दीर विश्राम म्हणाला. "वहिनी, मी कालच ऐकून आलो. वाळूचं नावसुद्धा नव्हतं. आपल्या इंजिनात दोष आहे. मला तर पटलं."

दोघांनी आपापलं कारण पुन्हा एकदा सांगून पाहिलं; दोन्ही जुळेनात.

परवाने, बदल्या, मंजुऱ्या, असे सगळे सरकारी निर्णय तेव्हा 'निर्णायक' ही संगणकप्रणाली घेत असे. निर्णय अन्यायाचा वाटला तरी थेट न्यायालयात जाता येत नसे. आधी पर्यायी उपाय म्हणून कारणकक्षात बसावं लागे. तिथे 'उकल' नावाचं यंत्र निर्णयामागचं कारण समजावून सांगे. बहुतेक लोक समाधानाने घरी जात. हेमलताचंही समाधान झालं होतं. तरीही तिने उच्च न्यायालयात अर्ज केला.

"कारण पटलं, असं तुम्हीच अर्जात लिहिलंय," न्यायमूर्ती मृणालिनी खर्डे म्हणाल्या. "मग तक्रार कसली?"

"पटलंय हीच तक्रार आहे, साहेब. मला एक पटलं, भावजींना दुसरंच. खरं कुठलं?"

उकल बनवणारे डॉ. श्रीरंग टेंगशे उत्तर द्यायला उभे राहिले.

"दोन्ही खरी आहेत. निर्णायक एका निर्णयासाठी कोट्यवधी नोंदींचा मेळ घालतो. भरती-ओहोटी, इंजिनाचा आवाज, होडीत कोण कधी चढलं, सगळं. तो मेळ माणसाच्या डोक्यात मावत नाही. म्हणून उकल त्यातला एकच धागा बाहेर काढते. ऐकणाऱ्याला पटेल तो."

"म्हणजे निर्णय त्या धाग्यावर उभा नसतो?"

"नसतो."

"मग कशावर?"

"ते मलाही सांगता येणार नाही," डॉक्टर हळूच म्हणाले.

न्यायमूर्तींनी चष्मा काढला, पुसला, पुन्हा लावला. "मी उकल ऐकली, तर मलाही पटेल?"

"नक्की पटेल."

पेच त्यांच्या लक्षात आला. कारण ऐकल्याशिवाय निर्णय तपासता येत नव्हता. आणि एकदा ऐकलं की तपासण्याजोगं काही उरणार नव्हतं. शेवटी त्या म्हणाल्या, "मला आणि या बाईंना एकत्र ऐकवा. दोघींना एकच कारण."

उकल कधी अडखळत नसे. त्या दिवशी ती चार मिनिटं अडली. मग पडद्यावर अक्षरं उमटली : 'दोघींना पटेल असे एक कारण उपलब्ध नाही.'

"दोन माणसांना मिळून जे समजून घेता येत नाही, त्याला कायदा कारण म्हणत नाही," न्यायमूर्ती म्हणाल्या. परवाना परत मिळाला.

सोमवारी सकाळी धक्क्यावर गर्दी झाली. पलीकडच्या दवाखान्यात जायला एक पोटुशी बाई पुढेच येऊन बसली. हेमलताने आदल्या दिवशी स्वतः दोरी सोडून खाडीची खोली मोजली होती, दोनदा. पाणी भरपूर होतं. शहरातल्या मिस्त्रीने इंजिनही उघडून पाहिलं होतं. त्यात काहीच निघालं नव्हतं.

"सुरू करू ना, वहिनी?" विश्रामने विचारलं. त्याचा हात मात्र इंजिनाकडे गेला नाही.

"थांबा जरा."

"कशासाठी?"

तिने खाडीच्या मुखाकडे पाहिलं. पाणी खोल आहे, हे तिला माहीत होतं. पण मनात जे बसलं होतं ते निघत नव्हतं. आणि आपल्या दोघांनाही न सांगितलेलं असं आणखी काय त्या यंत्राला दिसलं होतं?

"अगो, कोर्टात जिंकलीस ना?" मागून एक म्हातारी ओरडली.

"जिंकले," हेमलता म्हणाली, आणि सुकाणूवर हात ठेवून तशीच बसून राहिली. थोड्या वेळाने ती पोटुशी बाई उठली आणि धक्क्यावर उतरली.