पिवळ्या फ्रॉकमधली मी

प्रदर्शन उघडायला जेमतेम तास उरलेला, आणि हा कोण उपटसुंभ भिंतीसमोर उभा राहून खो खो हसतोय! तिच्या अंगाचा नुसता तिळपापड झाला. जुने व्हिडिओ, घरातले आवाज, फोटोंचे तुकडे... रात्रंदिवस खपून तिने हे उभं केलं होतं. आणि मधोमध, भिंतभर, चार वर्षांची ती. पिवळ्या फ्रॉकमध्ये गिरक्या घेणारी. प्रदर्शनाचं नावच मुळी ‘मी’.

“काय हसताय हो?”

“अं... ही कोण म्हणायची?”

“मी! दुसरं कोण?”

त्याने कान खाजवला. “राग मानू नका, पण... तो मी आहे.”

अगं बाई! तिने एकदा त्याच्याकडे पाहिलं, एकदा भिंतीकडे. गालावरची खळी तीच. मेल्याचे कानसुद्धा तेच!

तिच्या घरच्या कॅसेट कंप्युटरवर उतरवून देणारा तो हाच. दुकानात तिला भेटायची ती त्याची ताई. हा आपला आतल्या खोलीत. गिऱ्हाइकाची कॅसेट लावण्याआधी मशीन नीट चालतंय ना, हे बघायला तो दरवेळी स्वतःच्या लहानपणीची कॅसेट फिरवायचा. या खेपेला चुकून तिचाच तुकडा कापला गेला आणि हा तसाच तिच्याकडे गेला. फ्रॉक ताईचा. हौसही तिचीच, बळी मात्र हा!

“पण मला तो फ्रॉक आठवतो!” ती रडकुंडीला आली. “त्याची लेस काखेत टोचायची—”

“टोचायचीच! मला तर अजून खाजतं.”

डोळ्यांत पाणी असताना तिला फसकन हसू आलं. पण लगेच तिने घड्याळ पाहिलं. आता आई येणार, पाहुणे येणार, आणि ‘मी’मध्ये मीच नाही!

“तुमचा खरा तुकडा आणलाय,” तो घाईघाईने म्हणाला. “चूक कळली तसा धावत सुटलो.”

लावला. एक चिमुरडी तरातरा कॅमेऱ्यापाशी आली, डोळे वटारले आणि भिंगावर फाडकन पंजा मारला.

“हीच मी,” ती पुटपुटली.

“दिसतंय,” तो म्हणाला. मग जरा पडेल आवाजात, “मला काढून टाका आता.”

तिने हात पुढे केला... आणि थांबली. ती लेस अजून टोचतच होती की! कोणाची का असेना, आठवण आता तिचीही झाली होती.

“राहू दे. दोघंही राहू देत. ही वायर धर.”

त्याने धरली. दुसरा प्रोजेक्टर लावताना खांद्याला खांदा लागला, आणि दोघांपैकी कोणीच बाजूला झालं नाही.

“दोन्ही हातांनी का धरलीस?”

“जड आहे—”

“वायर?”

दोघंही हसत सुटले. इतक्यात दार उघडलं. पाहुण्यांच्या पुढे आई.

आईने भिंत निरखली. “ही मारकुटी तू, हे सांगायला नको. पण शेजारची ही गोड पोर कोणाची गं?”

आत्ता नाही तर कधी? तिने त्याला हाताला धरून पुढे ओढलं.

“पोर नाही, आई. हा... आणि हा मला आवडलाय. आवडलाय म्हणजे फारच!”

“आणि त्याला तू?”

“विचारलं नाही अजून.”

“मग विचार की!”

ती वळली. तो केव्हाचा जोरजोरात होकारार्थी मान डोलावत होता.