बारा फुटांची मोकळी जागा

हिंगोलीहून नरसीकडे निघालं आणि शहर आता संपलं असं वाटायला लागलं, की डाव्या हाताला समृद्धीनगर लागतं. चार वर्षांपूर्वी तिथे तूर आणि सोयाबीन होतं. त्या शेताचे एकसष्ट प्लॉट पाडले ते प्रेमदास राठोडनं. मोजणी त्याची, नकाशा त्याचा, कोपऱ्या-कोपऱ्यावर दगडही त्यानंच उभं राहून रोवून घेतले. एकोणीस नंबरचा प्लॉट त्यानं स्वतःसाठी ठेवला. तांड्यावर वाढलेल्या प्रेमदासला चारी बाजूंनी कंपाउंड असलेल्या घराची फार हौस होती.

ऐन थंडीत त्याच्या कंपाउंडची उगवतीकडची भिंत पडली. सगळी नाही, मधली बारा फूट. त्याला नवल वाटलं नाही. काळी माती पावसात फुगते, नंतर भेगाळते, पाया हलतो. त्यानं मुरूम लागेपर्यंत खोदून, खाली बीम टाकून भिंत पुन्हा बांधली. पंधरा दिवसांत तेवढीच बारा फूट पुन्हा पडली. विटा सगळ्या उगवतीकडे पडल्या होत्या.

मग मावळतीकडच्या भिंतीला लोणा, मिठासारखा पांढरा खार, दिसू लागला. लोणा जमिनीतून वर चढतो, हे कुठलाही गवंडी सांगेल. हा मात्र कमरेच्या उंचीवर होता आणि खाली भिंत कोरडी ठाक. "कपडे पण खारट होऊन राहिले," त्याची बायको संगिता म्हणाली. तिनं उन्हात वाळलेली ओढणी जिभेला लावून दाखवली.

उगवतीकडच्या प्लॉटवर उकंडराव राहायचे. मूळचे कुरुंद्याचे, रिटायर मास्तर. त्यांच्या कंपाउंडलाही त्याच सरळ रेषेत जागा मोकळी होती.

"काका, एवढी भिंत काहून सोडली?"

"तशीच ठेवली. जायला लागतं ना."

"कोणाला?"

उकंडरावांचा चहाचा कप हातातच राहिला. "म्हंजे? मी काय म्हणलो?" त्यांनीच उलट विचारलं आणि विषय बदलला.

प्रेमदासनं घरी येऊन नकाशावर पट्टी ठेवली. रेषा नऊ प्लॉटांतून जात होती. कुणी तिथे फाटक बसवलं होतं, कुणी भिंत अर्ध्यात थांबवली होती, एकानं तर घरच बाजूला सरकवून बांधलं होतं. कुणी कुणाला विचारून केलं नव्हतं. त्यानं जुना गावनकाशा काढून पाहिला. त्यावर ना गाडीवाट, ना पायवाट, ना नाला.

त्यानंतर त्याला चार वाजताचं दिसायला लागलं. दुपारी चारच्या सुमाराला रस्त्यावरची माणसं कडेला सरायची. कुणी गाडी बाजूला घ्यायचं, कुणी वाळवणाची बाज ओढायचं. दोन-तीन मिनिटं सगळे भिंतीला पाठ लावून उभे, मग आपापल्या कामाला. एकदा संगिताही बादली उचलून तशीच उभी राहिलेली त्यानं पाहिली.

"काय करून राहिलीस?"

"कुठं काय?" ती म्हणाली. तिला खरंच कळलं नव्हतं.

पौषात त्याची आई आली. रूपाबाई सेनगावकडच्या तांड्यावर एकटीच राहायची. दोन वर्षं तो तिच्या मागे लागला होता. एक गाठोडं घेऊन ती फाटकातून आत आली, तशी पडलेल्या भिंतीपाशी जाऊन थांबली.

"हे बुजवू नको, प्रेमदास."

"काहून, याडी?"

"मला न्हाई माहीत. बुजवू नको, एवढंच."

तिनं एखादी जुनी गोष्ट सांगितली असती तर त्यानं ती हसण्यावारी नेली असती. तिच्याजवळ कसलीच गोष्ट नव्हती, आणि त्याचाच त्याला राग आला. त्यानं नेमक्या त्या रेषेवर चार कॉलम उभे केले आणि आईसाठी आरसीसीची खोली बांधली. आतून घरात येणारं एक दार, बाहेर उघडणारं एकही नाही. खोली उभी राहिली. तडासुद्धा गेला नाही. लोणा गेला, कपडे खारट होईनात, चार वाजता रस्त्यात कुणी बाजूला सरेना.

सरेना, पण लोक आपापल्या दारात येऊन उभे राहू लागले. सगळे त्याच्या घराकडे बघायचे. बस यायची वाट बघावी तसे.

रूपाबाईची झोप उडाली. एका दुपारी चारच्या सुमाराला तो खोलीत गेला तर ती बाजेवर उठून बसलेली.

"गर्दी होऊन राहिली रे," ती म्हणाली.

"कुठं?"

तिनं मावळतीच्या भिंतीकडे हात केला. "भाईर. समदे उभे हायेत. पुढं जाता येईना त्यायला."

त्यानं भिंतीला तळवा लावला. भिंत गरम होती. दुपारचं ऊन असणार, त्यानं मनाशी म्हटलं. मग तळव्याखाली भिंत हळूच फुगली, आणि तितकीच हळू आत गेली. पुन्हा फुगली.

त्यानं हात काढून घेतला.

"उद्या सकाळी ह्या समोरासमोरच्या दोन्ही भिंती काढतो, याडी. आत्ताच मिस्त्रीला फोन करतो."

"उद्यापर्यंत काहून थांबवायचं लोकायला?" ती म्हणाली. आवाजात भीती नव्हती. तांड्यावर दारात पाहुणे आले की ती याच आवाजात बोलायची.

फोनला रेंज नव्हती म्हणून तो अंगणात गेला. सोमेश्वर मिस्त्री सात वाजता येतो म्हणाला. बोलणं पाच मिनिटांचं. खोलीच्या दारातच संगिता मेथी निवडत बसली होती.

तो परत आत गेला. बाज रिकामी होती. पांघरुणाची घडी घातलेली. भिंती चारही धड होत्या.

"याडी कुठं गेली?"

"आतच हायेत की. मी इथंच बसलेली."

तो धावला. फाटकातून बाहेर, वळसा घालून उकंडरावांच्या मोकळ्या जागेतून, पुढच्या फाटकातून, त्याच्या पुढच्या. दोन्ही बाजूंना माणसं भिंतीला पाठ लावून उभी होती. त्याच्याकडे कुणी पाहिलं नाही.

शेवटच्या प्लॉटनंतर हरभऱ्याचं ओलं रान लागलं. सकाळीच पाणी दिलेलं. चिखलात अनवाणी पावलं उमटली होती, एकाच माणसाची, सरळ उगवतीकडे गेलेली. टाच भेगाळलेली, उजवा अंगठा बाहेर वळलेला. आईचीच पावलं. आजूबाजूला दुसरा कसलाच माग नव्हता.

तो त्या पावलांच्या कडेनं चालत गेला.

वीसेक पावलांवर टाचेच्या भेगा राहिल्या नव्हत्या.

आणखी पुढे त्यानं वाकून वीत लावली. पाऊल वितीत मावलं.

त्यापुढची पावलं अर्ध्या वितीची होती. जवळजवळ टाकलेली, तोल जाणारी, नुकतंच चालायला लागलेल्या लेकराची. बांधाच्या अलीकडे तीही थांबली. शेवटची दोन शेजारी-शेजारी होती. टाचा उमटल्या नव्हत्या. कुणी उचलून घ्यावं म्हणून लेकरू चवड्यांवर उभं राहतं, तशी.